आरागिरणीचा परवाना: कोकणातल्या गिरणीवाल्यांनो, या चुका टाळा

"आजोबांच्या काळापासून मशीन चालू आहे, आता कसला परवाना?" हे चिपळूणपासून सावंतवाडीपर्यंत कुठल्याही वखारीत ऐकू येतं. कोर्टात ते टिकत नाही. जंगलतोडीवरच्या गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १२ डिसेंबर १९९६ च्या आदेशात जंगलातल्या सॉ मिलना हात घातला आणि ऑक्टोबर २००२ मध्ये आपण नेमलेल्या केंद्रीय समितीच्या परवानगीशिवाय नवी गिरणी उघडू देण्यास राज्यांना मनाई केली. २०१५ नंतर हे काम राज्यस्तरीय समितीकडे आलं, पाठोपाठ २०१६ च्या मार्गदर्शक सूचना आल्या. मशीन किती जुनं आहे हे कुणी विचारत नाही, कागद किती जुना आहे ते विचारतात.

ग्रामपंचायतीचा ना हरकत दाखला, उद्यम नोंदणी, महावितरणची थ्री-फेज जोडणी हे सगळं लागतं, पण यातला एकही कागद वनखात्याच्या परवान्याची जागा घेत नाही. वीज मिळाली म्हणजे सरकारने मान्यता दिली, हा युक्तिवाद अजूनही लोक करतात. करू नका. तयार फळ्यांवर काम करणारा फर्निचरवाला या परवान्यातून सुटतो, पण त्याने दुकानामागे ओंडके चिरायला सुरुवात केली की तोही गिरणीवाला.

सर्वात चिवट भांडण वारशाचं. सातबारा सामायिक, परवाना थोरल्याच्या नावावर, थोरला वारला. गावातला भाऊ गिरणी चालवत राहतो, नूतनीकरणाची फी वारलेल्या थोरल्याच्याच नावाने भरत राहतो. मग गणपतीला चाकरमानी येतात, हिश्शाचा विषय निघतो आणि दिवाळीच्या आत त्यांच्यातलाच एकजण उपवनसंरक्षकांकडे तक्रार टाकतो. गिरणी बंद पाडायला वनखात्याला शोध घ्यावा लागत नाही, भावकी पुरते. जमिनीवर वारसनोंद झाली म्हणजे परवाना आपोआप नावावर होत नाही. मृत्यूनंतर लगेच वारसदाखला आणि बाकीच्या हिस्सेदारांची लेखी संमती जोडून नावबदलाचा अर्ज द्या, पोच घ्या. गिरणी विकत घेणाऱ्यांनीही हे ध्यानात ठेवावं: मशीन आणि शेड खरेदीखताने मिळते, परवाना नाही.

मुंबई-गोवा महामार्गाच्या रुंदीकरणात शेड गेली, म्हणून मशीन मागच्या जागेत हलवलं, असंही होतं. परवाना जागेला आणि यंत्राला धरून असतो. आधी परवानगी, मग स्थलांतर. दुसरा बँडसॉ (पट्ट्याची करवत) बसवतानाही तेच.

आता नोंदवही. शेजारचा शेतकरी पावसात पडलेलं झाड घेऊन येतो, घराला रिपा हव्यात. ओळखीचा माणूस, चिरून देता, मजुरी रोख, नोंद नाही. पुढच्या आठवड्यात वनपाल टेप लावतो आणि आंब्या-फणसाच्या ढिगाखाली किंजळाचा एक ओंडका निघतो, ना वनखात्याच्या हातोड्याची खूण ना वाहतुकीचा पास. किंजळ हे १९६४ च्या वृक्षतोड अधिनियमाच्या अनुसूचीतलं, म्हणजे तोडायला परवानगी लागणारं झाड. भारतीय वन अधिनियम १९२७ चं कलम ६९ असं की वाद निघाला तर माल सरकारचा धरला जातो आणि तो तसा नाही हे तुम्ही सिद्ध करायचं. म्हणून वाहतूक परवाना लागणाऱ्या लाकडाचा परवाना आणि सूट असलेल्या लाकडासाठी सातबारा व मालकाचं पत्र, आवक नोंदीला तिथेच टाचून ठेवा. मुनीम संध्याकाळी आठवून लिहितो ती नोंदवही पंचनाम्यात तुमच्याच विरुद्ध बोलते.

पंचनाम्यावर न वाचता सही करू नका. घेर, लांबी, नगांची संख्या तपासा, हरकत असेल तर सहीच्या वर लिहा. कारणे दाखवा नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर द्या. "साहेबांना भेटून आलो" हे उत्तर फाईलला लागत नाही. सरकारजमा करण्याची कारवाई सुरू झाल्यावर ट्रक सोडवायला दंडाधिकाऱ्याकडे धावण्यात बहुतेकदा वेळ जातो, कारण महाराष्ट्रात त्याच वन अधिनियमाच्या ६१-अ पासूनच्या कलमांचा मार्ग वेगळा आहे.

परवाना रद्द झाला की तडक उच्च न्यायालयात रिट याचिका, हीही घाईच. खात्यात अपिलाची सोय असताना ती ओलांडली तर न्यायालय बहुधा तिकडेच परत पाठवतं. मात्र सुनावणी न देता किंवा कारण न लिहिता आदेश काढला असेल तर रिटला दम येतो, त्यासाठी आदेशाची प्रत आणि नोटीस हातात आल्याची तारीख जपा. रत्नागिरी, सिंधुदुर्गची रिट १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जाते, रायगडवाल्यांना मुंबईच.