पालिकेच्या बिलावरून व्यंगचित्र

खड्ड्यात पडलेला माणूस आणि शेजारी ढेरपोट्या नगरसेवक, हे चित्र आता कुणालाच झोंबत नाही. झोंबतं ते एकाच कामाचं, एकाच बिलाचं चित्र.

म्हणून आधी कागद मिळवा. 10 रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून जनमाहिती अधिकाऱ्याकडे माहिती अधिकाराचा अर्ज द्या. महाराष्ट्रात तो एकाच विषयाचा आणि 150 शब्दांच्या आत लागतो. एकाच रस्त्याचं नाव घालून कार्यादेश (ठेकेदाराला दिलेला कामाचा आदेश), मोजमाप पुस्तिकेची (झालेल्या कामाची मापं नोंदवलेल्या वहीची) पानं आणि अंतिम देयक, म्हणजे शेवटचं बिल मागा. ‘पाच वर्षांतली सगळी कामं’ मागितलीत की अर्ज रखडतो. 30 दिवसांत उत्तर आलं नाही, तर पुढच्या 30 दिवसांत पहिलं अपील. पुस्तिका हाती आली की टेप घेऊन रस्त्यावर जा. पुस्तिकेत रुंदी 6 मीटर आणि जागेवर साडेचार भरली, तर गायब झालेला दीड मीटर हाच तुमचा विषय.

मांडणीसाठी अमेरिकन व्यंगचित्रकार थॉमस नास्ट बघा. न्यूयॉर्क शहराचा पैसा लुटणाऱ्या राजकारणी ट्वीडच्या टोळीवरचं त्याचं चित्र ‘हार्पर्स वीकली’त 19 ऑगस्ट 1871 ला आलं. ट्वीड, महापौर, ठेकेदार गोल करून उभे आहेत. जनतेचे पैसे कुणी चोरले, यावर प्रत्येक जण शेजाऱ्याकडे बोट दाखवतो. न्यायालयाच्या इमारतीची फुगवलेली बिलं ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने जुलैतच छापली होती, त्यामुळे वाचकाला ती बोटं लगेच कळली. ट्वीडच्या शर्टावरचा टपोरा हिरा नास्ट वारंवार काढायचा. तुम्हीही मुख्य पात्राला अशी एकच खूण द्या आणि ती बदलू नका. पळालेला ट्वीड 1876 मध्ये स्पेनमध्ये सापडला, तो नास्टच्या चित्रावरून ओळखून!

सामान थोडंच: ए-3 कार्ट्रिज कागद, 2बी पेन्सिल, वॉटरप्रूफ काळी शाई, 2 नंबरचा ब्रश, बारीक निब. आधी 5 सेंटीमीटरचं कच्चं चित्र काढा. कोण कुणाला काय देतंय हे त्यात कळलं नाही, तर मोठ्या चित्रातही कळणार नाही. उभा ए-3 मोबाइलवर चौपट लहान होतो. म्हणून अक्षरं 12 मिलिमीटरपेक्षा लहान नकोत. ‘ब’ आणि ‘ष’च्या पोटातली तिरकी रेघ सर्वांत आधी बुजते. ती ब्रशने काढू नका, निबनेच काढा. स्कॅन 600 डीपीआयवर करा आणि व्हॉट्सअ‍ॅपवर डॉक्युमेंट म्हणून पाठवा, फोटो म्हणून पाठवलं की रेघा फुटतात.

कागदावर नसलेली टक्केवारी कुणाच्याही नावापुढे लिहू नका. भारतीय न्याय संहितेचं कलम 356 बदनामीचं आहे. राजमुद्रेला हात लावू नका. 2012 मध्ये राजमुद्रेचं विडंबन करणारे व्यंगचित्रकार असीम त्रिवेदी यांना मुंबईत अटक झाली, तेव्हा चर्चा घोटाळ्यांऐवजी राजद्रोहाच्या आरोपावर आणि राजमुद्रेवरच अडकली. जात आणि शारीरिक व्यंगही नको, त्याने बिल बाजूला पडतं.

कोपऱ्यात देयकाचा क्रमांक आणि तारीख लिहा, सोबत मोजमाप पुस्तिकेच्या पानाचा फोटो जोडा आणि सर्वसाधारण सभेच्या आदल्या संध्याकाळी सोडा.