न्यू जर्सीत मेडिकल मारिजुआनाचं कार्ड: फॉर्मआधी नाव जुळवा

आधी सासूबाईंचं, मग माझ्या मायग्रेनसाठी माझं, आणि त्यानंतर एडिसन-इसेलीनकडच्या ओळखीच्या कितीतरी घरांतलं कार्ड मी शेजारी बसून काढून दिलंय. प्रत्येक घरात कुणीतरी आधीच सांगून गेलेलं असतं, "ऑनलाइन फॉर्म आहे, दहा मिनिटांचं काम." फॉर्म दहाच मिनिटांचा आहे हे खरं. अर्ज अडतो तो त्याच्या आधीच्या कामात, आणि ते कुणी सांगत नाही.

पहिलं काम: स्वतःचा स्टेटस बघा

तुम्ही अमेरिकन नागरिक नसाल तर इथेच थांबा आणि इमिग्रेशन वकिलाला विचारा. एच-वन-बी असो की ग्रीन कार्ड, हे दोघांनाही लागू आहे. न्यू जर्सीने 2010 मध्ये मारिजुआनाच्या, म्हणजे गांजाच्या, वैद्यकीय वापराला परवानगी दिली, पण इमिग्रेशन चालतं फेडरल, म्हणजे केंद्राच्या, कायद्यावर. एप्रिल 2019 मध्ये यूएससीआयएसने, म्हणजे नागरिकत्व आणि इमिग्रेशनचे अर्ज बघणाऱ्या खात्याने, स्पष्टच केलं, की राज्यात कायदेशीर असला तरी मारिजुआनाचा वापर नागरिकत्वाच्या अर्जात चारित्र्याच्या अटीला बाधा आणू शकतो. "डॉक्टरनेच लिहून दिलंय, मग काय होतंय?" असं म्हणणाऱ्यांचं ऐकू नका. मुलाखतीत उत्तर त्यांना द्यायचं नसतं, तुम्हाला द्यायचं असतं.

व्हिजिटर व्हिसावर आलेल्या आईबाबांसाठी हे कार्ड निघत नाही, ते न्यू जर्सीच्या रहिवाशांसाठी आहे. गुडघेदुखीवर म्हणून स्वतःच्या कार्डावर आणलेलं त्यांना देणं तर अजिबात नको.

कार्ड हवंच कशाला?

21 एप्रिल 2022 पासून एकवीस वर्षांवरच्या कुणालाही दुकानातून घेता येतं, हे बरोबर. पण 1 जुलै 2022 पासून कार्डधारक रुग्णाला सेल्स टॅक्स लागत नाही. कार्ड नसलेल्याला एका वेळी एकच औंस मिळतो. रुग्णाला डॉक्टर 30 दिवसांत तीन औंसपर्यंत लिहून देऊ शकतात. महिनोन्‌महिने घ्यावं लागणाऱ्याला हा फरक जाणवतो. घरी रोप लावायची परवानगी मात्र कार्ड असलं तरी नाही.

डॉक्टर

यादीतल्या आजारांत कॅन्सर, दीर्घकाळची वेदना, मायग्रेन, काचबिंदू, मल्टिपल स्क्लेरोसिस, फिट्स, पीटीएसडी, अँक्झायटी, पाळीतल्या तीव्र वेदना असं बरंच येतं. राज्याच्या मेडिकल मारिजुआना कार्यक्रमात नोंदणी असलेलाच डॉक्टर लागतो. तुमचा नेहमीचा डॉक्टर त्यात असेलच असं नाही, म्हणून अपॉइंटमेंट घेताना तेवढं विचारा. नोंदणी केलेल्यांची यादी हा कार्यक्रम चालवणाऱ्या राज्याच्या कॅनबिस रेग्युलेटरी कमिशनच्या संकेतस्थळावर आहे. निदानाचे कागद आणि चालू औषधांची यादी सोबत न्या. पाहताक्षणी कार्ड देतो म्हणून पैसे मागणाऱ्या जाहिरातींकडे वळू नका.

आता खरी अडचण. डॉक्टर तुमची नोंद राज्याच्या यंत्रणेत करतात आणि त्यातून मिळालेल्या नंबरांवर तुम्ही पुढचा अर्ज भरता. म्हणजे तुमचं नाव तिथे पहिल्यांदा टाइप होतं ते क्लिनिकमध्ये, तुमच्या हातून नाही. आपल्या नावांचं काय असतं ते तुम्हाला ठाऊकच आहे. कुणाच्या पासपोर्टवर नावातच वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव घातलेलं, कुणाचं लायसन्सवर लग्नानंतरचं आडनाव आणि जुन्या कागदांवर माहेरचं, कुणाच्या आडनावाचं स्पेलिंग एका कागदावर 'व्ही'ने तर दुसऱ्यावर 'डब्ल्यू'ने.

सासूबाईंच्या वेळी क्लिनिकने नाव घेतलं इन्शुरन्स कार्डावरून. त्यावर नुसतं त्यांचं नाव आणि आडनाव. राज्याच्या ओळखपत्रावर मात्र पासपोर्टप्रमाणे मध्ये सासऱ्यांचं नाव, तेही पहिल्या नावाला जोडून. अर्ज परत आला. दुरुस्ती क्लिनिकनेच करायची होती आणि तिथे फोन कुणी उचलेना. तीन आठवडे गेले. त्या तीन आठवड्यांत त्यांच्या दोन किमो झाल्या. भाताची पेज ताटलीत घेतली तरी वासाने त्यांना उमळून यायचं, त्या तोंड भिंतीकडे करून पडून राहायच्या. एका नावापायी एवढा उशीर झाला, हे माझ्या मनातून अजून जात नाही.

तेव्हापासून मी एकच करते आणि प्रत्येकाला करायला लावते. क्लिनिकच्या काउंटरवर इन्शुरन्स कार्डासोबत राज्याचं ओळखपत्र ठेवते आणि सांगते, "कृपया नाव यावरून टाइप करा, एकूण एक अक्षर." टाइप झालं की स्क्रीन वळवून दाखवायला लावते. जन्मतारीखही बघते, कारण आपण दिवस आधी लिहितो आणि इथे महिना आधी. 5 ऑगस्टचा 8 मे व्हायला वेळ लागत नाही. मागे रांग असली तरी संकोच करू नका.

दुसरी अडचण पत्त्याची, आणि ती मुख्यतः मुलाकडे राहणाऱ्या आईवडिलांना येते. विजेचं बिल मुलाच्या नावावर, घर सुनेच्या आणि मुलाच्या. आईच्या नावाने घरात येतं काय? ओळखपत्रावर आत्ताचा पत्ता असेल तर प्रश्नच मिटला. म्हणून घर बदललं असेल तर आधी एमव्हीसीकडे, म्हणजे लायसन्स आणि ओळखपत्र देणाऱ्या मोटर व्हेइकल कमिशनकडे, पत्ता बदला. ऑनलाइन बदलल्याने हातातल्या कार्डावरचा पत्ता बदलत नाही, नवं कार्ड वेगळं मागवावं लागतं. ते येईपर्यंत सोशल सिक्युरिटीसारख्या सरकारी खात्याकडून त्यांच्या नावाने आलेलं पत्र शोधून ठेवा. आम्हाला ते सापडलं देवघराच्या खणात, पंचांगाखाली. पोस्ट बॉक्सचा पत्ता चालत नाही.

फॉर्म

नंबर घाला, फोटो आणि कागद चढवा, पाठवा. फोटो भिंतीसमोर उजेडात काढा. डिजिटल कार्ड मोफत असतं, प्लास्टिकचं हवं असेल तर 10 डॉलर.

केअरगिव्हर

रुग्णाला दुकानापर्यंत जाता येत नसेल तर त्यांच्या वतीने तुम्ही घेऊ शकता, पण त्यासाठी केअरगिव्हर म्हणून वेगळी नोंदणी लागते. एका रुग्णाला असे दोघे ठेवता येतात. गुन्हेगारी पार्श्वभूमीची तपासणी होते आणि त्यात वेळ जातो, म्हणून रुग्णाच्या अर्जाबरोबरच याच्याही मागे लागा. "मी सून आहे" एवढ्यावर दुकानात काही मिळत नाही.

कार्ड आल्यावर

पहिल्यांदा किती आणि कोणत्या रूपात घ्यायचं, हे डॉक्टरांना विचारून कागदावर लिहून आणा. सासूबाईंसाठी तो कागद आम्ही फ्रिजवर लावला होता. घेतल्यावर गाडी चालवायची नाही. पेनसिल्व्हेनियातल्या बहिणीकडे जातानाही डबी घरीच ठेवा, राज्याची हद्द ओलांडली की फेडरल कायदा लागतो. भारतात जाताना तर एकही गोळी, एकही गमी बॅगेत नको. तिथे अमली पदार्थांविरुद्धचा 1985 चा एनडीपीएस कायदा आहे आणि विमानतळावर न्यू जर्सीचं कार्ड दाखवून काही उपयोग होणार नाही. निघायच्या आदल्या रात्री औषधांचा डबा पूर्ण रिकामा करून पुन्हा भरा, हॅंडबॅगेचे लहान कप्पेसुद्धा उलटे करून बघा.