एका शब्दाचा माग कसा काढावा : ‘बंदर’च्या निमित्ताने

ठाण्यात नव्याने राहायला आलेल्या हिंदीभाषक माणसाला घोडबंदर रस्त्याचे नाव ऐकून गंमत वाटते, कारण त्याच्या कानाला त्यात एक घोडा आणि एक माकड ऐकू येते. येऊरच्या बाजूने वस्तीत उतरणारी माकडे पाहिली की त्याची खात्रीच पटते. मराठी माणसाला यात शंका येण्याचे कारण नसते. त्याच्या लेखी बंदर म्हणजे गलबते लागण्याची जागा. मात्र दोन भाषांत एकाच उच्चाराचे दोन अर्थ का झाले, हे विचारले तर तोही थबकतो. एखाद्या शब्दाचे असे अनेक भाषांत पसरलेले अर्थ आणि त्यांची मुळे घरबसल्या, ग्रंथालयाच्या थोड्या मदतीने कशी शोधावीत, ते या एका शब्दावर पुढे करून दाखवले आहे. हीच रीत दुसऱ्या कोणत्याही शब्दाला लावता येते.

पहिले काम कोश उघडण्याचे नसून नोंद करण्याचे आहे. एका वहीत भाषेवार ओळी आखाव्यात आणि प्रत्येक ओळीत त्या भाषेच्या लिपीतले रूप, उच्चार, अर्थ, लिंग आणि तो शब्द ज्यांत येतो असे दोन-तीन जोडशब्द लिहावेत. मराठीच्या ओळीत नपुंसकलिंगी ‘बंदर’, अर्थ जहाजे लागण्याची जागा, जोडशब्द घोडबंदर, बोरीबंदर, चिंचबंदर. (१६ एप्रिल १८५३ रोजी देशातली पहिली प्रवासी आगगाडी ठाण्याकडे निघाली ती या बोरीबंदरहूनच.) हिंदीच्या ओळीत पुल्लिंगी ‘बंदर’, अर्थ माकड, आणि तिच्या खाली वेगळ्या ओळीत ‘बंदरगाह’, अर्थ जहाजे लागण्याची जागा. फारसीत ‘बंदर’ म्हणजे बंदर, जसे शाह अब्बास पहिला याच्या नावाने ओळखले जाणारे बंदर अब्बास. मलय भाषेत ‘बंदर’ म्हणजे शहर. ब्रुनेईच्या राजधानीला १९७० साली बंदर सेरी बेगावान हे नाव मिळाले ते याच अर्थाने. इंडोनेशियात विमानतळाला ‘बंदारा’ म्हणतात, आणि जुगाराचा अड्डा चालवणाऱ्याला किंवा अमली पदार्थांच्या बड्या विक्रेत्याला ‘बंदर’ म्हणतात. इजिप्तच्या अरबीत तालुक्याच्या मुख्य गावाला हा शब्द लागतो आणि अरबस्तानात तो पुरुषाचे नाव म्हणूनही ठेवला जातो. तेलुगू मुलखात मच्छलीपट्टणम या बंदराचे रोजच्या बोलण्यातले नावच ‘बंदरु’ आहे आणि तिथल्या प्रसिद्ध मिठाईला बंदर लाडू म्हणतात. मोल्दोव्हा देशात निस्तर नदीकाठी ‘बेंदेर’ नावाचे शहर आहे. सोळाव्या शतकात ते उस्मानी तुर्कांच्या हाती गेले आणि त्यांच्यामार्फत हे नाव त्याला चिकटले.

मूळ लिपीचा आग्रह का धरायचा, हे इथेच ध्यानात येईल. रोमन लिपीत द आणि ड यांत फरक राहत नाही, त्यामुळे इंग्रजी वर्तमानपत्रातून शब्द गोळा करणारा माणूस श्रीलंकेच्या बंडारनायके घराण्याचे आडनाव खुशाल बंदराच्या खात्यात टाकतो. सिंहली लिपीत तिथे ण्ड आहे, न्द नाही. ती ओळ तिथेच खोडावी आणि पुढे जावे.

आता या ओळींपैकी कोणत्या एका कुळातल्या आणि कोणत्या केवळ आवाजाने सारख्या, हे ठरवायचे. बहुतेक हौशी अभ्यासक या पायरीवर घसरतात, कारण दोन अर्थ दिसले की त्यांना जोडणारी कथा मनाला लगेच सुचते. बंदरात मालाबरोबर माकडेही उतरत असतील, खलाशी डोलकाठीवर माकडासारखे चढत असतील, असल्या कथा बसल्या जागी डझनभर रचता येतात. कथा सुचणे हा पुरावा नव्हे. प्रत्येक अर्थाचा माग स्वतंत्रपणे, दुसरा अर्थ जणू अस्तित्वातच नाही असे समजून, जितका मागे नेता येईल तितका न्यावा; दोन माग एका ठिकाणी मिळाले तरच ते एक.

माकडापासून सुरुवात करू. संस्कृतात ‘वानर’ आहे, प्राकृतात ‘वाणर’. तिथून हिंदी ‘बंदर’पर्यंत येण्यासाठी दोन बदल लागतात : आरंभीच्या व चा ब व्हावा आणि न आणि र यांच्यामध्ये द यावा. असे बदल एकाच शब्दापुरते मान्य करायचे नसतात, तशी भावंडे दाखवावी लागतात. पहिल्या बदलाची भावंडे हवी तेवढी आहेत. आपण वाघ म्हणतो तिथे हिंदीत बाघ, आपले वीस तिथे बीस, आपली वाट तिथे बाट. दुसऱ्या बदलाचा साक्षीदार म्हणजे पंधराचा आकडा. संस्कृत ‘पञ्चदश’चे प्राकृतात ‘पण्णरस’, ‘पण्णरह’ असे झाले. त्यात द उरलेला नव्हता, तरी हिंदी ‘पंद्रह’मध्ये आणि हकार चिकटून मराठी ‘पंधरा’मध्ये तो दंत्य व्यंजनध्वनी पुन्हा उभा राहिला. याचे कारण तोंडातच सापडते. न म्हणताना जीभ टेकलेली असते आणि हवा नाकातून जाते. र कडे वळताना नाकाची वाट क्षणभर आधी बंद झाली, की मधल्या फटीत द ऐकू येतो. ग्रीकमध्ये पुरुषवाचक ‘अनेर’ या शब्दाचे षष्ठीचे रूप ‘अंद्रोस’ होते, त्यातला द असाच शिरलेला आहे. थोडक्यात, हिंदीतले माकड संस्कृतातून सरळ, नियमाने चालत आलेले आहे.

याच नियमाचा एक उपयोग उलट दिशेने करता येतो आणि मला तो सर्वांत समाधान देणारा वाटतो. मराठी आरंभीचा व टिकवते. म्हणजे ‘वानर’ मराठीत याच वाटेने आला असता तर ‘वांदर’ व्हायला हवा, ‘बंदर’ नव्हे. कोकणात माकडाला ‘वांदर’ म्हणतात. आपण मांडलेला नियम आपण न पाहिलेले रूप आधीच सांगतो आणि ते रूप नंतर बोलीत सापडते, तेव्हा त्या नियमावर भिस्त ठेवावी. शिवाय प्रमाण मराठीत या प्राण्यासाठी संस्कृत ‘मर्कट’पासून आलेला ‘माकड’ रुळलेला असल्यामुळे, बाहेरून आलेल्या ‘बंदर’ला इथे जागा मोकळी होती. हिंदीत ती मोकळी नव्हती. तिथे ‘गाह’ हे स्थानवाचक शेपूट असलेले फारसी रूप वापरात राहिले, ईदगाह आणि दर्गा यांत आहे तेच. ते टिकण्यामागे माकडाशी होणारा घोटाळा टाळण्याची गरज असावी, असे माझे मत आहे.

जहाजांच्या बंदराचा माग वेगळ्या साधनांनी काढावा लागतो, कारण तो शब्द पिढ्यान्‌पिढ्या झिजत आलेला नाही, तो उसना आलेला आहे. उसन्या शब्दाला ध्वनिनियमांपेक्षा मार्ग विचारायचा असतो : कोण आणत होते, कोणत्या वाटेने, कोणत्या मालाबरोबर. आपल्या वहीतल्या ओळी नकाशावर मांडल्या तर इराणचे आखात, कोकण, आंध्र किनारा, मलाक्काची सामुद्रधुनी असा जुना सागरी व्यापारमार्ग डोळ्यांसमोर येतो. या मार्गावर शब्द एकटा फिरला नाही, त्याच्याबरोबर हुद्दाही फिरला. बंदराच्या अधिकाऱ्याला फारसीत ‘शाहबंदर’ म्हणत आणि मलयमध्येही तो हुद्दा त्याच नावाने होता. मलाक्कामध्ये असे चार शाहबंदर असत, त्यांतला एक खास गुजराती व्यापाऱ्यांचे काम पाहत असे. शब्दाबरोबर संस्था प्रवास करताना दिसली, की उसनवारीचा पुरावा पक्का होतो.

अर्थ कसे सरकले, तेही याच मार्गावर जुळवून पाहावे. बंदराभोवती बाजार वसतो, बाजाराचे शहर होते, म्हणून मलयमधला आणि इजिप्तमधला अर्थ. इंडोनेशियात बंदराला आकाशवाचक ‘उदारा’ जोडून ‘बंदर उदारा’ केले आणि त्याचा संक्षेप ‘बंदारा’ झाला. त्याचा आपल्या बंधाऱ्याशी संबंध लावू नये. जुगारवाल्याचा अर्थ मात्र या ओळीत सहजपणे बसत नाही. अशा वेळी तो ओढूनताणून बसवण्यापेक्षा वेगळ्या खान्यात ठेवावा.

अर्थाचे असे सरकणे खरोखर घडू शकते का, हे पाहायचे असेल तर त्याच अर्थाचा दुसरा, असंबद्ध शब्द तपासावा. संस्कृतात ‘पत्तन’ म्हणजे नगर. त्यातून पाटण, पट्टण आली, जी समुद्रापासून दूर आहेत. दुसरीकडे विशाखापट्टणम, मच्छलीपट्टणम ही बंदरे झाली, आणि आज उरणजवळ न्हावा-शेवा येथे १९८९ साली सुरू झालेल्या बंदराच्या सरकारी पाटीवर हाच शब्द बंदर या अर्थाने दिसतो. एका शब्दाने बंदराकडून नगराकडे प्रवास केला, दुसऱ्याने नगराकडून बंदराकडे. त्या पाटीसमोरून रोज जाणारे ट्रकचालक, क्लिअरिंग एजंट आणि नवी मुंबईतले नोकरदार मात्र ‘पत्तन’ म्हणत नाहीत. मराठीत ते बंदर आणि एरवी जेएनपीटी.

कोशांचा क्रम कसा लावावा, याविषयी थोडे. मराठीसाठी मोल्सवर्थच्या कोशाची १८५७ची दुसरी आवृत्ती पहिल्यांदा पाहावी, कारण तिच्यात प्रत्येक शब्दाची कुळी संक्षेपाने दिलेली असते आणि आज मेलेले अर्थही सापडतात. त्यानंतर दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश आणि कृ. पां. कुलकर्णी यांचा १९४६चा व्युत्पत्तिकोश. संस्कृतापासून आजच्या भाषांपर्यंतच्या साखळ्यांसाठी टर्नरचा तुलनात्मक कोश, फारसीसाठी स्टाइनगास, हिंदी-उर्दूसाठी प्लॅट्स. मोल्सवर्थ, टर्नर, स्टाइनगास आणि प्लॅट्स शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर विनामूल्य शोधता येतात. इंग्रजांच्या तोंडी रुळलेल्या हिंदुस्थानी शब्दांचा १८८६चा हॉब्सन-जॉब्सन हा कोश मौजेचा आहे आणि त्यातली जुनी अवतरणे मोलाची आहेत, पण त्यातल्या व्युत्पत्ती शेवटचा शब्द मानू नयेत. ज्यांना पुस्तक हाताळायला आवडते त्यांनी ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात जावे. १८९३ साली स्थापन झालेल्या या संस्थेइतकी चौकशी करण्यासारखी दुसरी जागा शहरात नाही. कोशातली नोंद उतरवताना ‘बहुधा’, ‘कदाचित’ हे शब्दही उतरवावेत. ते गाळले की अंदाजाचे सत्य होते आणि पुढचा माणूस तेच पुढे पाठवतो.

कोशांच्या जोडीला बोलणारी माणसे हवीत. चेंदणी कोळीवाड्यात किंवा बेलापूरजवळच्या दिवाळे गावात जाऊन वयस्कर मंडळींना होड्या लागण्याच्या जागेला काय म्हणतात ते विचारावे, मात्र “याला बंदर म्हणतात ना?” असा प्रश्न करू नये, कारण समोरची आजी पाहुण्याचे मन राखायला “हो बाबा” म्हणून मोकळी होते. जागा दाखवावी आणि गप्प राहावे. बंदर, धक्का, जेट्टी यांपैकी कोणता शब्द कोणत्या जागेला लागतो, हे त्यातून आपोआप कळते.

स्थलनामांच्या बाबतीत सर्वांत कडक राहावे लागते. मुंबईतल्या वांद्र्याचे नाव ‘बंदर’वरून पडले, असे पुष्कळदा सांगितले जाते. आपल्याजवळ जमलेल्या साहित्यावर ते तपासता येते. मराठी माणसाने घोडबंदर, बोरीबंदर, चिंचबंदर या सर्व नावांत ब तसाच ठेवला. मग एकट्या वांद्र्यातच त्याचा व का केला असेल? पोर्तुगीज कागदपत्रांत ‘बांदोरा’ आहे हे खरे, परंतु त्याच पोर्तुगिजांनी वसईचे ‘बसाईं’ केले. म्हणजे मराठी व त्यांच्या लेखणीत ब होत असे, आणि वांद्र्यातला व आधीचा, ब नंतरचा मानणे अधिक सयुक्तिक ठरते. नावाचे मूळ काय ते यातून सिद्ध होत नाही, पण बंदराचा दावा बराच दुबळा होतो. अपोलो बंदराबाबत उलट अडचण आहे. मूळ नाव ‘पालवा’ होते आणि इंग्रजांनी त्याचा ग्रीक देव केला, इथवर सगळे सांगतात. पण ते पालवा पाल नावाच्या होड्यांवरून की पाला माशावरून, यावर मतभेद आहेत. दोन्ही मते शेजारीशेजारी लिहावीत, आवडते ते निवडू नये.

शेवटी नोंद लिहिताना ‘बंदर’ हा एक शब्द धरून सात-आठ अर्थ ओळीने मांडू नयेत. दोन स्वतंत्र नोंदी कराव्यात : एक संस्कृत ‘वानर’पासूनची, जिच्यात हिंदी बंदर आणि कोकणातला वांदर येतील, दुसरी फारसी ‘बंदर’ची, जिच्यात मराठी, मलय, अरबी, तेलुगू आणि बेंदेर शहर येईल. घोडबंदर दुसऱ्या नोंदीखाली लिहावे. तिथे पोर्तुगिजांच्या काळात अरबांकडून घोडे उतरवले जात म्हणून हे नाव पडले, ही ठाण्यात सर्वत्र सांगितली जाणारी हकीकत आखाती घोड्यांच्या पश्चिम किनाऱ्यावरील व्यापाराशी जुळणारी आहे. तरी चिमाजी आप्पांच्या मोहिमेत १७३७ साली साष्टी मराठ्यांकडे येण्यापूर्वीच्या एखाद्या कागदात हे नाव त्या कारणासह मिळेपर्यंत तिच्यापुढे ‘स्थानिक समजूत’ असे लिहून ठेवावे.