वाळूजला नवीन आलात? आधी पक्कं बिल मागायला शिका

मी 2007 साली सेनगावकडून संभाजीनगरजवळच्या वाळूज एमआयडीसीत आलो. रांजणगावात पत्र्याची खोली, चौघांत एक. तेव्हापासून बघतोय, हिंगोली-परभणीकडची नवी पोरं येतात आणि पहिल्या दोन-तीन पगारांत तीच खरेदी करतात: मोबाइल, कूलर, शेगडी, जमलं तर जुनी गाडी. खोली कुठं बघायची, मेस कोणाची बरी, हे तुम्हाला कोणीही सांगेल. मी खरेदीचं सांगतो, कारण तिथं मी स्वतः ठेच खाल्लीय.

पहिलाच उन्हाळा. पत्रा असा तापायचा की रात्री अकरालासुद्धा खोलीत बसवत नसे. शहरात जाऊन 3200 रुपयांचा कूलर घेतला. दुकानदार म्हणाला, "पक्कं बिल पाहिजेल तर टॅक्स वरून लागंल. कच्चं देऊ का?" म्हटलं, द्या. त्यानं कॅलेंडरच्या फाडलेल्या पानामागं 'कूलर 1, 3200' असं लिहून दिलं. दुकानाचं नाव नाही, तारीख नाही, सही नाही. नवव्या दिवशी मोटार जळाली. कूलर रिक्षात घालून परत नेला, तर गल्ल्यावर तोच माणूस, आणि म्हणतो, "हा आमच्याच दुकानातला कशावरून?" माझ्याकडं उत्तर नव्हतं. रिक्षाचे पैसे गेले ते वेगळेच.

आता कायदा ऐका. ग्राहक संरक्षण कायदा मूळचा 1986 चा. त्याच्या जागी 2019 चा नवा आला, तो 20 जुलै 2020 पासून लागू आहे. बिल न देणं हीच त्यात अनुचित व्यापारी प्रथा धरलीय, त्यामुळं बिल मागताना ओशाळायचं काही कारण नाही. 'एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही' ही पाटी तर गल्लोगल्ली दिसेल. माल सदोष असेल तर ती पाटी चालत नाही. बिलावर लिहिलेल्या मुदतीत, आणि मुदत लिहिलीच नसेल तर 30 दिवसांत, दुकानदारानं माल परत घेऊन पैसे द्यायला पाहिजेत. रंग आवडला नाही, मित्रानं नावं ठेवली, असल्या कारणाला मात्र हे लागू नाही.

बिल घेतलं की तिथंच उभं राहून फोटो काढा. मशीनमधून निघणाऱ्या गुळगुळीत कागदावरची अक्षरं उन्हानं, घामानं उडतात. वॉरंटी संपायच्या आत बिल कोरं झालेलं मी पाहिलंय.

बसस्टँडवर पाण्याच्या बाटलीला 'थंड करायचे' म्हणून दोन रुपये जास्त मागतील. छापील किमतीत सगळे कर आलेले असतात, तिच्यावर रुपयाही घेता येत नाही. याची तक्रार वजन-मापं तपासणाऱ्या वैधमापन विभागाकडं होते. आणि लग्न ठरलेल्यांनो, सोनं घेताना दागिन्यावरचा सहा अक्षर-अंकांचा हॉलमार्क क्रमांक बीआयएस केअर ॲपवर टाकून बघा.

भांडण झालंच तर? आधी 1915 वर, म्हणजे राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला, फोन करा, मराठीतही बोलता येतं. मग दुकानदाराला लेखी पत्र, स्पीड पोस्टानं, पोचपावतीसह. माझ्या फ्रिजच्या वेळी पक्कं बिल होतं. पत्र मिळाल्याच्या तिसऱ्या दिवशी दुकानातून आपणहून फोन आला आणि कॉम्प्रेसर बदलून मिळाला. नाहीच ऐकलं तर जिल्हा ग्राहक आयोग. दिलेली किंमत 50 लाखांपर्यंत असेल तर तक्रार तिथंच जाते, 5 लाखांपर्यंत फी नाही, वकील लावायची सक्ती नाही. तक्रार करायची मुदत दोन वर्षांची. कायद्यात निकालाला तीन महिने लिहिलेत, पण तारखांचा हिशोब तुम्हाला माहीतच आहे. म्हणून पत्रावरच मिटत असेल तर मिटवा.

आपल्यासारख्यांच्या कामाची गोष्ट अशी की, आता तुम्ही जिथं राहता किंवा काम करता तिथल्या आयोगात तक्रार करता येते. ऑनलाइन मोबाइल दिल्लीच्या विक्रेत्यानं पाठवला तरी खटला संभाजीनगरला चालतो. खोली दर सहा महिन्यांनी बदलत असली तरी कंपनीचं ओळखपत्र कामाच्या ठिकाणाचा पुरावा म्हणून जोडता येतं. विकायला म्हणून माल घेतला तर तुम्ही ग्राहक ठरत नाही. पण स्वतः चालवून पोट भरायला रिक्षा घेतली, तर ठरता.

एक सांगायचं राहत होतं, गावाकडचं. जूनमध्ये घरून फोन येतोच, सोयाबीन उगवलं नाही म्हणून. बियाणं विकत घेणारा शेतकरीही ग्राहक आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं 2012 मध्येच सांगितलंय. दुबार पेरणीसाठी शेत मोडायच्या आधी तालुक्याच्या कृषी अधिकाऱ्याकडं लेखी तक्रार करून बियाणं तक्रार समितीचा पंचनामा करून घ्यायला सांगा. दोन वर्षांमागं आमच्या दादांनी पिशवी टॅगच्याच बाजूनं फाडली होती, आणि लॉट नंबरचा तो टॅग, म्हणजे पुरावाच, गेला चुलीत. आता पेरणीच्या आदल्या दिवशी मीच फोन करतो: दादा, पिशवी खालच्या अंगानं फोडा, आणि मूठभर बी बाजूला बांधून ठेवा.