वाफेच्या इंजिनाचं बेअरिंग हाताने ओतायचं कसं

जुनं वाफेचं इंजिन हाती आलं की लोक आधी रंगकाम काढतात, तसं नका करू, आधी कनेक्टिंग रॉडचं, म्हणजे पिस्टनला क्रँकशी जोडणाऱ्या दांड्याचं, मोठं टोक उघडून आतलं व्हाइट मेटल, म्हणजे बेअरिंगचं अस्तर, बघा. १८३९ मध्ये आयझॅक बॅबिटने काढलेला हा मऊ धातू, साधारण ८९ टक्के कथील आणि बाकी अँटिमनी-तांबं. तो झिजतो म्हणून त्यात फिरणारी क्रँकची पिन वाचते, आणि झिजला की वितळवून परत ओतता येतो, मला तर यातलं सगळ्यात शहाणपणाचं हेच वाटतं.

जुना धातू काढा, गनमेटलचा (तांबं-कथलाच्या मिश्रधातूचा) कप, म्हणजे बेअरिंगचं बाहेरचं कवच, घासून लख्ख करा आणि त्याला कल्हई लावा, आपल्याकडे पितळेच्या भांड्यांना लावतात अगदी तशीच, कप तापवून नवसागर, मग कथील, मग कापसाने पुसणं. दार-खिडक्या उघड्या ठेवा, धूर वाईट असतो. इथे घाई करू नका. माझा पहिला कप कल्हई नीट न बसल्यामुळे पापडासारखा सुटून आला होता, दोन दिवसांचं काम वाया, फार वाईट वाटलं.

मधल्या मँड्रेलला, म्हणजे ओतताना पिनेच्या जागी ठेवायच्या गोल दांड्याला, दिव्याची काजळी धरा म्हणजे धातू चिकटत नाही, आणि तोही तापवून घ्या. डाव, साचा, काहीच ओलं नको, पाण्याचा एक थेंब असला तरी धातू उडून अंगावर येतो. पाइनच्या लाकडाची काडी धातूत बुडवा, तपकिरी होऊन करपली पण पेटली नाही तर बरोबर तापलंय. मग कल्हई अजून ओली चकचकीत असतानाच, हात न थांबवता एका दमात ओता. गार झाल्यावर कप टिचकीने वाजवा, खणखणीत वाजला तर धातू धरलाय, बद्द वाजला तर परत पहिल्यापासून.

लेथवर मापाच्या जवळ आणून पुढचं सगळं स्क्रेपरने, म्हणजे खरवडायच्या हत्याराने, जुनी तिकोनी कानस घासून केलेला चालतो. पिनेला प्रशियन ब्लू हा निळा रंग अगदी पुसट लावा, कप बसवून थोडा फिरवा, निळे डाग उमटतील तेवढेच खरवडा, आणि हे वीस-तीस वेळा. दोन इंची पिनेला दोन थाऊ (इंचाचे दोन हजारांश) मोकळीक पुरते, शिमने, म्हणजे पातळ पत्र्याच्या पट्ट्यांनी, जुळवा. बॉयलरला मात्र स्वतः हात लावू नका, ते सर्टिफिकेटवाल्यांचं काम.

शेवटी तेल घालून रॉड आडवा धरून सोडा. सावकाश खाली आला तर झालं, धपकन पडला तर ढिला, आणि अडकला तर परत निळा रंग काढून खरवडायला बसा.