खिमा भरलेली ढोबळी मिरची ओव्हनमध्ये: सगळा खेळ पाण्याचा

पहिल्यांदा हा प्रकार केला तेव्हा घरी सहा पाहुणे होते, आणि मी कच्च्या खिम्याला मसाला चोळून तो कच्च्या मिरचीत भरला होता. पाऊण तासाने ट्रे बाहेर काढला तर मिरच्या पाण्यात बसलेल्या, खिमा आकसून लिंबाएवढा घट्ट गोळा झालेला. मिरची हलवली तर खुळखुळ्यासारखी वाजेल असं वाटत होतं. वरचं चीज मात्र फोटोत छान आलं. त्या संध्याकाळी पाहुण्यांनी पापडच जास्त खाल्ले.

चूक मसाल्याची नव्हती, पाण्याची होती. ढोबळी मिरचीत वजनाच्या नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी असतं, टोमॅटोत त्याहून थोडं अधिकच. खिमाही तापला की पाणी सोडतो. कढईत त्याची वाफ होऊन निघून जाते, पण मिरचीच्या वाटीतून ते जाणार कुठे?

आपल्या भरल्या भाज्यांनी हा प्रश्न केव्हाच सोडवलाय. भरल्या वांग्यात दाण्याचं कूट असतं, भरल्या मिरचीत बेसन असतं. ते चवीसाठी असतंच, पण भाजीचं पाणीही तेच पितं. तुर्कस्तानात भरलेल्या भाजीला ‘दोल्मा’ म्हणतात आणि त्या शब्दाचा अर्थही ‘भरलेलं’ एवढाच, म्हणजे आपल्या ‘भरल्या’चा सख्खा भाऊ. तिथे मिरचीच्या दोल्म्यात कच्च्या खिम्याबरोबर तांदूळ घालतात आणि पातेल्यात पाणी घालून, झाकण ठेवून शिजवतात. सगळा रस तांदूळ पितो. त्याच स्वयंपाकात ‘कार्नीयारीक’ नावाचा वांग्याचा पदार्थ आहे. नावाचा अर्थ ‘पोट फाडलेलं’. त्यात वांगी आधी तळतात, खिमा आधी परततात आणि मग एकत्र भाजतात. ओव्हनमधून काढून हातात धरून खायच्या स्टार्टरसाठी ही दुसरी वाट धरा. खिमा आधी कोरडा करायचा, भाजी आधी अर्धी भाजायची आणि नंतरच दोघांची गाठ घालून द्यायची.

साहित्य (12 अर्धुकं, सहा जणांना स्टार्टर म्हणून पुरतील)

ढोबळ्या मिरच्या 6, प्रत्येकी 70 ते 80 ग्रॅमच्या
मटणाचा खिमा 500 ग्रॅम
कांदे 2 मध्यम, अगदी बारीक चिरलेले
आलं-लसूण वाटण 1 मोठा चमचा
हळद पाव चमचा, लाल तिखट 1 चमचा
कांदा-लसूण मसाला किंवा मालवणी मसाला दीड चमचा
डाळ्याचं कूट 2 मोठे चमचे
मूठभर कोथिंबीर, थोडा पुदिना, अर्ध्या लिंबाचा रस
तेल, मीठ
वरून घालायला ब्रेडचा चुरा 3 मोठे चमचे, किसलेलं चीज 50 ग्रॅम, थोडं लोणी

खिमा

खाटकाला खांद्याचं किंवा मांडीचं मटण घेऊन खिमा एकदाच काढायला सांगा. दोनदा काढलेला कबाबाला बरा, इथे त्याचा लगदा होतो. थोडी चरबी असू द्या. अगदी निव्वळ मासाचा खिमा दोनदा आच लागल्यावर भुश्यासारखा लागतो. खिमा धुवायची सवय असेल (माझ्या घरी ती मोडणं अशक्य आहे), तर तो बारीक गाळणीत घालून पंधरा-वीस मिनिटं निथळू द्या आणि शेवटी वरून हलका दाबा.

जाड बुडाच्या रुंद कढईत दोन मोठे चमचे तेल तापवा. कांदा तांबूस होईपर्यंत परता. तो नुसता पारदर्शक होऊन चालणार नाही, कारण कांद्यातही भरपूर पाणी असतं. आलं-लसूण घालून मिनिटभर परता, मग हळद आणि खिमा. आता आच मोठी ठेवा आणि उलथन्याने गुठळ्या मोडत राहा. पहिली चार-पाच मिनिटं कढईत पाणीच पाणी दिसेल, घाबरू नका. ते आटून तेल दिसायला लागलं आणि चुरचुर आवाज आला की तिखट, मसाला, मीठ घाला. पाणी आटायच्या आधी मसाला घातला तर तो त्या पाण्यात उकडतो आणि कच्चट वास राहतो.

मग अर्धी वाटी गरम पाणी घालून झाकण ठेवा आणि मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटं शिजू द्या. इतका वेळ पाण्यामागे लागून पुन्हा पाणीच घालायचं, हे विचित्र वाटेल. पण मटणाचा खिमा नुसता परतून मऊ होत नाही आणि ओव्हनमधली पंधरा मिनिटं त्याला पुरत नाहीत. चिकनचा खिमा असेल तर हे पाणी नको, आठ-दहा मिनिटांत तो होतो. शेवटी झाकण काढून पुन्हा आच मोठी करा. उलथन्याने कढईच्या मधोमध एक रेघ ओढा. दोन्ही बाजूंनी रस भरून येऊन रेघ बुजली, तर अजून वेळ आहे. रेघ तशीच राहिली की गॅस बंद.

त्यावर डाळ्याचं कूट, कोथिंबीर, पुदिना आणि लिंबू. हे डाळं म्हणजे चिवड्यात घालतो ते. ते खिमा बांधूनही ठेवतं आणि मिरची पुढे जे काही पाणी सोडेल ते पिऊनही घेतं. काही जण उकडलेला बटाटा घालतात. मला तो नको वाटतो, पॅटिसची आठवण येते. सारण पूर्ण गार होऊ द्या, मगच चव बघून मीठ ठरवा. मिरची फिकी असते, तेव्हा सारण एरवीपेक्षा किंचित चढं असलेलं चालतं.

गोव्याकडची चव हवी असेल तर कोरड्या मसाल्याऐवजी दीड चमचा रेशाद मसाला घाला, आणि त्यात व्हिनेगर असतंच म्हणून लिंबू वगळा. ‘रेशाद’ हे नाव पोर्तुगीजांच्या ‘भरलेला’ या अर्थाच्या शब्दावरून आलं. तिथे तो बांगड्याच्या पोटात भरतात, म्हणजे भरण्याचं काम त्याला नवीन नाही.

मिरच्या

बाजारात मिरच्या निवडताना बुटक्या, चौकोनी, जाड सालीच्या बघा. लांबट आणि वाकड्या ट्रेमध्ये कलंडतात. लाल-पिवळ्या दिसायला देखण्या आणि चवीला गोड, कारण त्या झाडावर पूर्ण पिकलेल्या असतात आणि हिरवी ही कच्ची असतानाच तोडलेली असते. पण त्या बहुतेक वेळा दीडशे-दोनशे ग्रॅमच्या मिळतात. तेवढी अर्धी मिरची खाल्ली की पाहुण्याचं जेवण तिथेच संपतं. छोट्या हिरव्याच बऱ्या. त्याहून छोटा घास हवा असेल तर भावनगरी मिरच्या घ्या, त्या दोन घासांत संपतात.

मिरची देठासकट उभी चिरा. देठ काढू नका, तो त्या बाजूची भिंत धरून ठेवतो. बिया आणि आतल्या पांढऱ्या शिरा काढा. आतून-बाहेरून तेलाचा हात फिरवा, आत चिमूटभर मीठ लावा आणि ट्रेमध्ये पालथ्या मांडा. पालथ्या हे महत्त्वाचं, नाहीतर सुटलेलं पाणी वाटीतच साठेल. 200 अंशांवर दहा मिनिटं (भावनगरी असेल तर सात-आठ). बाहेर काढल्यावर त्या किंचित लवचिक झालेल्या असाव्यात, लोळागोळा नव्हे. ट्रेमधलं पाणी ओता आणि मिरच्या कागदाने आतून टिपून घ्या.

दुसरी भाजी घ्यायची असेल तर

टोमॅटो सगळ्यात नाठाळ. पातळ सालीचे गावरान टोमॅटो कितीही चविष्ट असले तरी इथे फुटतात. गोल, घट्ट, जाड सालीचे घ्या. वरची चकती कापून चमच्याने गर काढा, आत मीठ चोळून वीस मिनिटं ताटलीत पालथे ठेवा. मीठ पाणी ओढून काढतं, ताटलीत साचलेलं बघून पटेल. यांना आधी भाजू नका. गर खिम्यात टाकायचा मोह होतो, तो आवरा आणि त्याचं सार करा.

वांगं लांबट किंवा भरताचं मध्यम घ्या. अर्धं करून गरावर चौकडीच्या चिरा द्या, तेल लावा आणि 200 अंशांवर वीस-पंचवीस मिनिटं भाजा. मग चमच्याने गर खाली दाबून खळगा करा. काढू नका, दाबाच. वांगं स्पंजसारखं तेल पितं म्हणून ब्रशने लावा, बाटलीतून ओतू नका.

मश्रूमच्या मोठ्या टोप्या पालथ्या आठ मिनिटं भाजल्या की पुरे. देठ बारीक चिरून कांद्याबरोबर परता.

भरणं आणि भाजणं

ओव्हन 190 अंशांवर, वरची-खालची दोन्ही कॉइल चालू ठेवून दहा मिनिटं आधी तापवा. साध्या ओटीजीचा आकडा आणि खरी उष्णता यांचं क्वचितच पटतं, तेव्हा पहिल्या खेपेला जवळच थांबा. मायक्रोवेव्ह असेल तर तो कन्व्हेक्शनवर चालणारा हवा. साध्या मायक्रोवेव्हमध्ये मिरच्या उकडतील, भाजणार नाहीत.

ट्रेला तेल लावा किंवा कांद्याच्या जाड चकत्या पसरा. चकत्यांवर मिरच्या हलत नाहीत आणि खाली भाजलेला कांदा निराळाच मिळतो. प्रत्येक अर्धुकात खिमा भरा, हलक्या हाताने दाबा, किंचित शीग येऊ द्या. सारण कोरडं आहे, आता ते फारसं आकसणार नाही. वरून लोण्यात कालवलेला ब्रेडचा चुरा.

मधल्या कप्प्यात बारा ते पंधरा मिनिटं, निम्म्या वेळाने ट्रे फिरवून. चीज शेवटच्या चार-पाच मिनिटांतच घाला, आधी घातलं तर तेल सुटून चामडं होतं. वरचा रंग येईना तर ट्रे एक कप्पा वर सरकवा. वरून आच देण्याचं हे तंत्र तसं जुनंच. गोव्यात बेबिंका या थराथरांच्या गोड पदार्थाचा एकेक थर भांड्यावर निखारे ठेवून असाच वरून भाजतात. बाहेर काढल्यावर पाच मिनिटं थांबा, नाहीतर पहिला घास टाळूला चिकटतो.

एअर फ्रायरमध्ये 180 अंशांवर आठ-दहा मिनिटं पुरतात, पण चुरा उडू नये म्हणून तो चीजच्या खाली घाला. ओव्हनच नसेल तर जाड तव्यावर तेल सोडून, झाकण ठेवून मंद आचेवर दहा मिनिटं. वरचा खरपूसपणा मिळत नाही. त्यावर उपाय नाही, चीज वगळा आणि खायला द्या.

आदल्या दिवशी किती करून ठेवावं?

खिमा आदल्या रात्री करून फ्रिजमध्ये ठेवा, मुरल्यावर तो अधिकच चांगला लागतो. शिजलेला खिमा बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, आपल्या एप्रिल-मेच्या उकाड्यात तर एकच तास. मिरच्या सकाळी भाजून, भरून, झाकून फ्रिजमध्ये ठेवल्या तर संध्याकाळी थेट ओव्हनमध्ये जातात, वेळ पाच-सात मिनिटं वाढवा. टोमॅटो मात्र आयत्या वेळीच भरा. मीठ लागलेला टोमॅटो फ्रिजमध्येही पाणी सोडत बसतो.

कच्चाच खिमा भरायची हौस कुणाला असेल तर एवढं लक्षात असू द्या: अख्ख्या तुकड्यात जंतू बहुतांशी बाहेरच्या बाजूला असतात, खिम्यात ते आतपर्यंत मिसळलेले असतात. म्हणून सारणाच्या मधोमध किमान 71 अंश तापमान गाठावं लागतं, चिकन असेल तर 74. थर्मामीटरशिवाय ते कळत नाही, आणि तोवर मिरचीचा पार चोथा झालेला असतो.

वाढताना चटणी पातळ नको. घट्ट दह्यात लसूण किसून, मीठ घालून शेजारी ठेवा, तुर्की घरांत दोल्म्याबरोबर असंच दही असतं. आणि चार मिरच्या उरल्याच, तर सकाळी त्या बारीक चिरून त्यांवर दोन अंडी फोडा. पाव आदल्या दिवशीचा असला तरी चालेल.