धाकट्या राजपुत्राची जहागीर कशी अभ्यासावी : एडमंड आणि लँकेस्टर

इंग्लंडचा राजा तिसरा हेन्री याचा धाकटा मुलगा एडमंड १६ जानेवारी १२४५ रोजी जन्मला आणि ५ जून १२९६ रोजी गॅस्कनीतील बायोन येथे वारला. थोरला भाऊ एडवर्ड गादीवर बसला. एडमंडच्या वाट्याला गादी आली नाही, पण त्याच्या नावे गोळा झालेल्या जमिनींतून लँकेस्टरची जी जहागीर उभी राहिली, ती सातशे वर्षे उलटूनही इंग्लंडच्या राजाला उत्पन्न देते आहे. तिचा अभ्यास मुंबईत बसून नीट करता येतो, कारण त्या काळच्या पेटंट रोल्सचे आणि चार्टर रोल्सचे, म्हणजे राजाने काढलेल्या पत्रांच्या व सनदांच्या सरकारी नोंदींचे, छापील सारांश आज आंतरजालावर मोफत वाचायला मिळतात. अभ्यासक अडतो तो बहुधा सुरुवातीलाच, कारण तो माणसाचे चरित्र हाती घेतो आणि जमिनी त्या चरित्राच्या कडेला लिहीत जातो. माझा आग्रह उलट क्रमाचा आहे : जमिनीचा एकेक तुकडा धरावा आणि तो कोणाच्या हातून कोणाच्या हाती गेला ते पाहावे.

त्यासाठी एक मोठा ताव आडवा धरून पाच रकाने आखावेत : जमीन कोणती, आधी कोणाची, कोणत्या शब्दांत मिळाली, प्रत्यक्ष ताबा केव्हा आला, आणि पुढे कोणाकडे गेली. सातबारा आणि फेरफार ज्यांनी एकदा तरी वाचले आहेत, त्यांना ही मांडणी परकी वाटणार नाही.

इंग्रजी जमीनधारणेची भाषा अवघड वाटत असेल, तर आधी मुंबईचाच दाखला घ्यावा. १६६८ साली दुसऱ्या चार्ल्सने मुंबई बेट ईस्ट इंडिया कंपनीला दिले, ते केंट परगण्यातील ईस्ट ग्रीनिचच्या मॅनरच्या, म्हणजे जमीनदारी मिळकतीच्या, धारणेप्रमाणे आणि वर्षाला दहा पौंड सोन्याच्या खंडावर. जमीन अंतिमतः राजाची आणि बाकी सगळे कोणत्या ना कोणत्या अटीवर ती धारण करणारे, ही एडमंडच्या काळची कल्पना त्या सनदेत तशीच उतरली आहे. आमच्या नात्यातील भायखळ्याच्या एका जुन्या घराच्या कागदात धारणेपुढे ‘फोरास’ एवढाच शब्द लिहिलेला मी पाहिला, तेव्हा पोर्तुगीज ‘फोरो’ म्हणजे खंड या शब्दापासून आलेले ते नाव आपल्या जमिनीला चिकटून राहिले आहे हे मला कळले. मालकाचे नाव बदलत जाते आणि धारणेचा शब्द टिकतो. म्हणून सनदेतील शब्दांचा रकाना सर्वांत रुंद ठेवावा.

त्या रकान्यात एकच प्रश्न आधी विचारावा : जमीन राजाच्या मर्जीपर्यंत मिळाली, हयातीपुरती मिळाली, की वंशपरंपरेने मिळाली? आपल्याकडे सरंजाम आणि वतन यांत जो भेद होता, जवळजवळ तोच येथे कामी येतो. ‘त्याला व त्याच्या वारसांना’ आणि ‘त्याला व त्याच्या देहापासून झालेल्या वारसांना’ हे दोन शब्दप्रयोग दिसायला सारखे असले, तरी दुसऱ्यात पोटचे मूल नसल्यास जमीन राजाकडे परत येण्याची वाट खुली राहते. सारांशात हा तुकडा गाळलेला वाटला, तर मूळ लॅटिन सनदेची छापील प्रत मिळते का ते शोधावे.

सनद आणि ताबा यांची गल्लत करू नये. एडमंड नऊ-दहा वर्षांचा असताना पोपने त्याला सिसिलीचे राज्य देऊ केले आणि १२५५ साली अंगठी देऊन त्याला त्या राज्यावर नेमलेही. त्यापोटी हेन्रीने पोपला १,३५,५४१ मार्क देण्याचे मान्य केले. एक मार्क म्हणजे पौंडाचे दोन तृतीयांश, तेव्हा ही रक्कम ९०,००० पौंडांच्या वर जाते. हा बोजा १२५८ च्या सरदारांच्या उठावामागचे एक मोठे कारण ठरला, आणि सिसिलीचा ताबा एडमंडला कधीच मिळाला नाही. तक्त्यात सिसिली अवश्य लिहावी आणि ताब्याचा रकाना कोरा ठेवावा. लेस्टरचे उदाहरण याहून बारीक आहे. लेस्टरचा अर्ल आणि बंडखोर सरदारांचा पुढारी सायमन द माँफर्ट ४ ऑगस्ट १२६५ रोजी ईव्हशॅमच्या लढाईत मारला गेला आणि त्याच्या जमिनी त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात एडमंडला मिळाल्या, तरी सायमनचा केनिलवर्थचा किल्ला त्याच्या माणसांनी डिसेंबर १२६६ पर्यंत लढवत ठेवला होता.

आता ‘आधी कोणाची’ या रकान्याकडे यावे. येथे घाई करू नये, कारण या जहागिरीचा गाभा येथेच आहे. बंडात सामील झालेला डर्बीचा अर्ल रॉबर्ट द फेरर्स १२६६ च्या मे महिन्यात चेस्टरफील्ड येथे पकडला गेला आणि त्याच्या जमिनी त्याच उन्हाळ्यात एडमंडला देण्यात आल्या. ऑक्टोबरात केनिलवर्थचा निवाडा झाला. त्यानुसार बंडखोरांना दंड भरून जमिनी सोडवता येणार होत्या, आणि रॉबर्टसाठी तो दंड वार्षिक उत्पन्नाच्या सातपट ठरला. म्हणजे कायद्याने त्याची वाट मोकळी होती. ती कशी बंद झाली हे पाहण्यासारखे आहे. १ मे १२६९ रोजी त्याला कैदेतूनच सिपेनहॅम येथे आणून त्याच्याकडून एक रोखा लिहून घेण्यात आला : ९ जुलैपर्यंत ५०,००० पौंड एकरकमी द्यायचे, न दिल्यास जमिनी जामीनदारांकडे जायच्या. एवढी रक्कम दहा आठवड्यांत उभी करणे त्या काळी कोणत्याही अर्लला शक्य नव्हते. मुदत टळली, आणि जामीनदारांनी जमिनी एडमंडच्या हवाली केल्या. खताची भाषा निर्दोष असू शकते आणि व्यवहार तरीही जुलमाचा असू शकतो, हे हा एक कागद जितके स्पष्ट दाखवतो तितके मला दुसरीकडे आढळले नाही. त्यामुळे फेरर्सचा टटबरीचा किल्ला लिहिताना ‘फेरर्सकडून’ एवढे न लिहिता ‘सिपेनहॅमच्या रोख्याने’ असे पूर्ण लिहावे.

लँकेस्टरचा परगणा, ऑनर आणि किल्ला ३० जून १२६७ रोजी मिळाला. मॉनमथ आणि वेल्सच्या सीमेवरील ग्रॉसमाँट, स्केनफ्रिथ व व्हाइट कॅसल हे तीन किल्लेही त्याच वर्षीचे. या ठिकाणी नकाशा काढताना एक चूक हमखास होते. ‘ऑनर’ म्हणजे एका मोठ्या सरदाराच्या मॅनरांचा समूह, सलग प्रदेश नव्हे. मिरजेकडच्या एखाद्या जहागीरदाराची गावे चार परगण्यांत विखुरलेली असावीत, तशीच ऑनरची मॅनरे अनेक परगण्यांत पसरलेली असत. नकाशावर ठिपके द्यावेत, रंग भरू नये.

तारखांसाठी राज्यवर्षाचा, म्हणजे राजा गादीवर आल्यापासून मोजलेल्या वर्षांचा, हिशेब पाठ करावा. हेन्रीचे राज्यवर्ष २८ ऑक्टोबरला सुरू होते आणि पहिले वर्ष १२१६ चे, म्हणून ३० जून १२६७ हा दिवस त्याच्या ५१ व्या वर्षात येतो. शिवाय काही जुन्या नोंदींत वर्ष २५ मार्चपासून मोजलेले असते, तेव्हा जानेवारी ते मार्चच्या तारखा दोनदा तपासाव्यात.

पत्नीच्या जमिनींसाठी वेगळा ताव घ्यावा. पहिली पत्नी ॲव्हलिन द फोर्झ हिच्याशी १२६९ साली लग्न झाले. ती मोठ्या वारशाची मुलगी होती, पण १२७४ साली निपुत्रिक वारली आणि तो वारसा एडमंडच्या घरात राहिला नाही. दुसरी पत्नी ब्लँश ही नावारच्या राजाची विधवा. तिच्यामुळे एडमंडने फ्रान्समधील शँपेनचा कारभार पाहिला, तोही तिची मुलगी जान वयात येईपर्यंतच. लंडनमधील सॅव्हॉयची वास्तू मात्र त्याला आईकडून, राणी एलेनोरकडून मिळाली.

पुढच्या पिढ्या लवकर आटोपतात. मुलगा थॉमस याने पत्नीच्या वारशासह पाच अर्लपदे एकत्र केली, बंड केले आणि मार्च १३२२ मध्ये पॉन्टिफ्रॅक्ट येथे त्याचा शिरच्छेद झाला. जमिनी जप्त झाल्या आणि धाकटा भाऊ हेन्री याने त्या टप्प्याटप्प्याने परत मिळवल्या. नातू हेन्री १३५१ साली लँकेस्टरचा पहिला ड्यूक झाला. त्याला मुलीच होत्या, त्यांपैकी ब्लँशच्या लग्नाने जहागीर जॉन ऑफ गाँटकडे गेली, म्हणजे पुन्हा एका राजाच्या धाकट्या मुलाकडे. गाँटचा मुलगा १३९९ साली चौथा हेन्री म्हणून राजा झाला, आणि त्याने त्याच ऑक्टोबरात सनद काढून ही मिळकत राजगादीच्या इतर जमिनींपासून अलग ठेवली. ‘पुढे कोणाकडे’ या रकान्यात येथून पुढे एकच नोंद चालते, ती आज तिसऱ्या चार्ल्सपर्यंत.

तक्ता पुरा झाल्यावर त्याखाली फेरर्स घराण्याची एक ओळ जोडावी. रॉबर्टने १२७४ साली रोख्याविरुद्ध दावा लावला. रोखा कैदेत, बळजबरीने लिहून घेतला, असे त्याचे म्हणणे होते. दावा फेटाळला गेला. चार्टली येथील मिळकत त्याला परत मिळाली, तो १२७९ साली वारला, आणि त्याचा मुलगा जॉन चार्टलीचा बॅरन म्हणवला गेला, डर्बीचा अर्ल नव्हे.